शेडा गवत: मुरमाड माळावरून हरवत चाललेली वैरण

गणपती उरकले की आपल्या माळावर एक फेरी मारा. लांबून सगळा माळ हिरवा दिसतो. जवळ जाऊन, वाकून पाहिले तर बहुतेक ठिकाणी कुसळी, बारीक वर्षायू गवते आणि मध्येमध्ये तरवड एवढेच हाती लागते. गुरे आवडीने खातात ते बहुवर्षायू शेडा गवत मात्र बांधाच्या कडेला, काटेरी बोरीच्या बुडाशी किंवा दगडांच्या खबदाडीत, म्हणजे जिथे जनावराचे तोंड पोहोचत नाही अशाच जागी उरलेले दिसते.

तिथे उरलेली ती चार-दोन ठोंबे म्हणजे तुमच्या माळाचे बियाणे आहे. ती शिल्लक असेपर्यंत माळ कमी खर्चात सुधारता येतो. ती गेली की बाहेरून बी किंवा ठोंबे आणून, मजुरी मोजून पुन्हा सुरुवात करावी लागते. म्हणून माळावर नवीन काही लावण्याआधी, चर खोदण्याआधी किंवा यंत्राने जमीन फोडण्याआधी हे गवत ओळखायला शिका.

थोडक्यात ओळख

- शास्त्रीय नाव: सेहिमा नर्व्होसम
- मराठी नाव: शेडा. काही भागांत याला पवना किंवा पवन्याही म्हणतात. मात्र पवन्या हे नाव अनेक ठिकाणी याच्याच भावकीतील सेहिमा सल्केटम या गवताला दिले जाते. त्यामुळे बी किंवा ठोंबे मागवताना नावावर विसंबू नका, नमुना पाहूनच घ्या.
- शेजारच्या राज्यांतील नावे: हिंदी पट्ट्यात सेन घास, गुजरातेत शणियार.
- प्रकार: बहुवर्षायू, ठोंबाने वाढणारे, उन्हाळी हंगामाचे गवत. उंची साधारण ६० ते १०० सेंमी.
- फुलोरा: सप्टेंबर-ऑक्टोबर. बी पक्व होण्याचा काळ: ऑक्टोबर-नोव्हेंबर.
- उपयोग: चराई, हिरवी वैरण, वाळवलेले गवत, उतारावरील माती धरून ठेवणे.

एक गोष्ट आधीच स्पष्ट करू. जात म्हणून शेडा जगात दुर्मीळ नाही. आफ्रिकेपासून भारतमार्गे ऑस्ट्रेलियापर्यंत ते आढळते. दुर्मीळ झाले आहे ते आपल्या गावच्या गायरानात आणि खासगी पडीक रानात. दबडघाव आणि शंकरनारायण यांनी १९७३ मध्ये देशातील गवताळ प्रदेशांची पाच प्रकारांत विभागणी केली. त्यातील दख्खन, मध्य भारत आणि गुजरातचा मोठा भाग व्यापणाऱ्या प्रकाराला त्यांनी 'सेहिमा-डायकॅन्थियम' असे नाव दिले. सेहिमा म्हणजे शेडा आणि त्याची भावकी, डायकॅन्थियम म्हणजे मारवेल आणि त्याची भावकी. ज्या गवताच्या नावाने हा सगळा प्रदेश ओळखला जातो, तेच आज त्या प्रदेशातल्या गावात शोधावे लागते.

शेडा ओळखायचे कसे?

पावसाळ्याच्या सुरुवातीला सगळी गवते सारखीच दिसतात. ओळख पटवायची ती फुलोऱ्यात.

- कणीस: प्रत्येक काडीच्या टोकाला एकच कणीस असते. लांबी साधारण ५ ते १२ सेंमी.
- कणसातील जोड्या: कणसावर फुलांच्या जोड्या असतात. जोडीतील एक बिनदेठाचे, दुसरे लहान देठाचे. देठाच्या फुलाचे तूस जांभळट झाक असलेले असते आणि त्यावरच्या उभ्या शिरा ठळक दिसतात. 'नर्व्होसम' म्हणजे शिरा असलेले, हे नाव त्यावरूनच आले आहे.
- कुसे: बिनदेठाच्या फुलातून एक बारीक कूस बाहेर येते. पक्व झाल्यावरही ही कुसे एकमेकांत गुंतून जुडगा होत नाहीत.
- पाने: अरुंद, लांब, टोकाकडे दोऱ्यासारखी निमुळती. रंग निळसर हिरवा.
- ठोंब: फुटवे एकाच बुडख्यातून दाट निघतात. हरळीसारखे हे गवत जमिनीवर धावत नाही.

आता घोटाळा होतो त्या गवतांपासून वेगळे कसे करायचे ते पाहू.

- मारवेल: टोकाला एकाच जागेतून हाताच्या बोटांसारखी अनेक कणसे निघतात. काडीच्या पेऱ्यांवर पांढऱ्या केसांचे वलय असते.
- कुसळी: कणीस एकच असल्याने शेड्याशी सर्वांत जास्त गल्लत हिच्याशीच होते. पण कुसळीची कुसे लांब, गडद तपकिरी आणि पीळदार असतात आणि टोकाला एकमेकांत गुंतून शेंडीसारखा जुडगा होतो. बी कपड्यात घुसून टोचते.
- डोंगरी गवत: कणीस सलग नसून फांद्या फुटलेला मोकळा तुरा असतो. फुलांच्या बुडाशी सोनेरी-तपकिरी केस दिसतात.
- पवन्या (सेहिमा सल्केटम): कणीस शेड्यासारखेच, पण बिनदेठाच्या फुलाच्या बाहेरच्या तुसावर खोल पन्हळ असते. वैरण म्हणून हेही चांगले. दोन्ही मिळाली तर दोन्ही जपा.

खात्री नसेल तर कणसासह, बुडख्यासह एक काडी वर्तमानपत्रात दाबून ठेवा आणि जवळच्या कृषी महाविद्यालयात किंवा कृषी विज्ञान केंद्रात दाखवा.

याचे घर: हलकी, मुरमाड, उताराची जमीन

शेड्याला काळी कसदार जमीन लागत नाही. जिथे मुरूम वर आला आहे, मातीचा थर वीतभर आहे आणि ज्वारी-बाजरीही नीट येत नाही, अशा जमिनीत ते चांगले तग धरते. पुणे, सातारा, सांगली, सोलापूर, अहिल्यानगर, नाशिक, धुळे या जिल्ह्यांतील माळ तसेच मराठवाडा व विदर्भातील हलक्या जमिनी हे त्याचे मूळ क्षेत्र. मध्यम पावसाच्या प्रदेशात, पाण्याचा निचरा होणाऱ्या उतारावर ते उत्तम येते. पाणी साचणाऱ्या खोलगट काळ्या जमिनीत मात्र त्याची अपेक्षा धरू नका. तिथे मारवेल आणि मोशी ही गवते योग्य.

म्हणजे एकाच माळावर जागेप्रमाणे गवत बदलते. वरच्या मुरमाड टेपावर शेडा आणि डोंगरी, मधल्या भागात शेडा-मारवेल मिश्र, खालच्या खोल मातीत मारवेल. चांगल्या स्थितीतील माळ असा दिसतो.

या माळावर विरळ बोर, हिवर, खैर असतात. त्यावर काळवीट, लांडगा, चंडोल, धाविक जगतात. सोलापूरजवळच्या नान्नजचे माळढोक अभयारण्य आणि कर्जत तालुक्यातील रेहेकुरीचे काळवीट अभयारण्य ही दोन्ही अशाच गवताळ माळांवर आहेत. दख्खनी मेंढी आणि धनगरांचा वाडाही याच माळावर वाढला. सात-बारावर ज्याला आपण पोटखराबा किंवा पडीक म्हणतो, ती जमीन रिकामी नसते. तिचे पीक गवत हे आहे.

शेडा माळावरून का जातो?

कारण सरळ आहे. ते गोड आहे. जनावर ताटातले आवडते आधी खाते. शेडा, मारवेल आधी संपतात, कुसळी आणि तरवड शेवटपर्यंत उभे राहतात. दरवर्षी हेच झाले की नावडत्या गवतांचेच बी पडते.

पण नुसत्या चराईने शेडा मरत नाही. चुकीच्या वेळच्या चराईने मरतो. वर्षातील दोन काळ त्याच्यासाठी नाजूक असतात.

पहिला काळ, पहिल्या पावसानंतरचे चार ते सहा आठवडे. उन्हाळाभर पाने नसताना ठोंब मुळांत आणि बुडख्यात साठवलेल्या अन्नावर जगतो. पाऊस पडताच त्याच साठ्यावर तो नवे फुटवे काढतो. नेमक्या याच वेळी चाऱ्याची टंचाई असते आणि गावची सगळी जनावरे माळावर सुटतात. कोवळा फुटवा खुडला की ठोंब पुन्हा साठ्यातून फुटतो. असे तीन-चार वेळा झाले की साठा संपतो आणि ठोंब बारीक होत जातो.

दुसरा काळ, फुलोरा ते बी गळेपर्यंतचा. बी पडलेच नाही तर मेलेल्या ठोंबाची जागा घ्यायला नवीन रोप उगवत नाही.

याचा परिणाम टप्प्याटप्प्याने दिसतो. आपला माळ कोणत्या पायरीवर आहे ते यावरून ठरवा.

१. शेडा, मारवेल, डोंगरी यांची ठोंबे सर्वत्र: माळ चांगला आहे.
२. कुसळी वाढू लागली, शेडा तुरळक झाला: माळ घसरणीला लागला आहे, पण राखला तर सावरतो.
३. ॲरिस्टिडा, इराग्रोस्टिस यांसारखी बारीक, कमी वैरण देणारी गवते जास्त: बहुवर्षायू ठोंबे जवळपास गेली आहेत.
४. उघडा मुरूम, तरवड, निवडुंग, गाजर गवत, वेडी बाभूळ: मातीच वाहून गेली आहे.

दुसऱ्या पायरीवरून परत फिरायला राखण पुरते. चौथ्या पायरीवरून परत फिरायला बरीच वर्षे आणि बराच खर्च लागतो. म्हणून "अजून थोडे गवत आहे ना, पाहू पुढे" असे म्हणत थांबणे महागात पडते.

चराईबरोबर अलीकडे दुसरे कारण जोडले गेले आहे. यंत्राने माळ फोडणे. मुरूम काढण्यासाठी, सपाटीकरणासाठी किंवा वृक्षलागवडीसाठी सगळा वरचा थर उलटला जातो. चराईने दुबळा झालेला ठोंब जमिनीत जिवंत असतो. उलटलेल्या जमिनीत तो उरतच नाही. फोडलेला माळ नंतर सोडून दिला तरी तिथे आधी तण येते, शेडा आपोआप येत नाही.

यात तुमचे काय जाते? एक हिशेब

चांगल्या राखलेल्या शेडा-मारवेल कुरणातून हेक्टरी साधारण ३ टन वाळलेले गवत मिळू शकते. खराब झालेल्या माळावर ते १ टनाच्याही खाली येते. पाऊस आणि जमिनीप्रमाणे यात फरक पडतो. तरी हा आकडा एकराच्या भाषेत मांडून पाहा.

- चांगला माळ: एकरी सुमारे १,२०० किलो वाळलेले गवत. एका मोठ्या जनावराला रोज ६ किलो सुकी वैरण धरली तर २०० दिवसांची सोय.
- खराब माळ: एकरी सुमारे ४०० किलो. तेवढ्याच हिशेबाने ६६ दिवस.

म्हणजे एका एकरामागे एका जनावराची सुमारे १३४ दिवसांची वैरण दरवर्षी विकत आणावी लागते. तुमच्या गावातील कडब्याच्या आजच्या दराने ही रक्कम काढून पाहा. दुष्काळी वर्षात तोच दर कुठे जातो, हे तुम्हाला सांगायला नको.

शिवाय कुसळी वाढली की मेंढपाळाचे वेगळे नुकसान होते. तिची टोकदार कुसे लोकरीत अडकतात, कातडीत घुसतात, तोंडात जखमा करतात. बी धरल्यानंतरची कुसळी मेंढरांना चारू नये, हे धनगर बांधवांना अनुभवाने ठाऊक आहे.

आधी पाहणी, मग खर्च

सप्टेंबरच्या शेवटी किंवा ऑक्टोबरमध्ये, फुलोरा असताना ही पाहणी करा. चार काठ्या बांधून १ मीटर बाय १ मीटरची चौकट तयार करा. माळावर चालत जाऊन वेगवेगळ्या २० ठिकाणी ती टाका. टेप, उतार, खोलगट असे सगळे भाग येऊ द्या. प्रत्येक चौकटीत शेडा, मारवेल, डोंगरी यांची किती ठोंबे आहेत ते वहीत लिहा. ढोबळमानाने असा निर्णय घ्या.

- निम्म्याहून जास्त चौकटींत चांगली ठोंबे: लागवडीची गरज नाही. फक्त राखण करा.
- तुरळक चौकटींत ठोंबे: राखण करा आणि मोकळ्या जागी ठोंबांची लागवड करा.
- एकाही चौकटीत नाही: आधी माती-पाणी अडवा, मग ठोंबे किंवा बी आणून लागवड करा. बांधावर, मंदिराच्या आवारात, स्मशानभूमीच्या कुंपणात जरूर शोधा. अशा राखीव कोपऱ्यांत शेडा बहुधा सापडतो.

राखण: सर्वांत स्वस्त उपाय

माळाचे चार भाग पाडा. दरवर्षी एक भाग पहिल्या पावसापासून बी गळेपर्यंत, म्हणजे जून ते ऑक्टोबरअखेर, पूर्ण बंद ठेवा. उरलेल्या तीन भागांत आळीपाळीने चारा. पुढच्या वर्षी बंद भाग बदला. चार वर्षांत प्रत्येक भागाला एकदा पूर्ण विश्रांती मिळते.

माळ फारच खराब असेल तर पहिली दोन वर्षे सगळाच चराईसाठी बंद ठेवा आणि गवत कापून गोठ्यात घाला. हिवरे बाजार, राळेगणसिद्धी या गावांनी पाणलोटाच्या कामाबरोबर चराईबंदी आणि कुऱ्हाडबंदी पाळली, ती याच कारणासाठी.

खुल्या भागातही पहिला पाऊस पडताच जनावरे सोडू नका. गवत वीतभर होऊ द्या. त्या महिन्याभरासाठी कडबा किंवा वाळलेले गवत राखून ठेवा. वर्षभरातील हा एक महिना सांभाळला तरी माळात फरक दिसतो. चारतानाही निम्मे खाल्ले, निम्मे ठेवले हा नियम पाळा.

ठोंबांची लागवड

शेडा वाढवण्याचा खात्रीचा मार्ग म्हणजे ठोंबे फोडून लावणे. बियापेक्षा यात जगण्याचे प्रमाण जास्त असते.

१. मातृठोंब: जोमदार, भरपूर फुटव्यांचा ठोंब आदल्या वर्षीच फुलोऱ्यात ओळखून खूण करून ठेवा. पावसाळ्याच्या सुरुवातीला फूल नसते, तेव्हा चूक होते.
२. काढणी: दोन-तीन चांगले पाऊस होऊन जमीन ओली झाली की कुदळीने मुळांसह काढा. सगळी ठोंबे उपटू नका. एका जागची तिसऱ्या हिश्श्यापेक्षा जास्त नकोत. गायरान किंवा वनजमिनीतून काढायची असतील तर आधी परवानगी घ्या.
३. फोडणी: प्रत्येक तुकड्यात ३-४ फुटवे आणि मुळे हवीत. पाने वरून कापून १५ सेंमी ठेवा. मुळे ओल्या गोणपाटात गुंडाळा आणि त्याच दिवशी लावा.
४. अंतर: ५० बाय ५० सेंमी. या अंतराने गुंठ्याला सुमारे ४०० आणि एकराला सुमारे १६,००० ठोंबे लागतात. एवढी एकदम मिळणार नाहीत, म्हणून पहिल्या वर्षी घराजवळ दोन-तीन गुंठ्यांची रोपवाटिका करा. तिथली ठोंबे फोडून पुढच्या वर्षी माळावर न्या.
५. लावणी: उताराला आडव्या ओळीत, लहान खड्ड्यात लावा आणि भोवतीची माती पायाने घट्ट दाबा. सगळी जमीन नांगरू नका.
६. राखण: पहिल्या वर्षी चराई पूर्ण बंद. नव्या ठोंबाला जनावराने ओढले तर मुळासकट वर येतो.

समतल चर असतील तर चराच्या खालच्या बाजूच्या मातीच्या भरावावर एक ओळ लावा. माती भुसभुशीत असल्याने ठोंब लवकर जीव धरतो, भरावही वाहून जात नाही.

बी गोळा करणे आणि पेरणे

शेड्याचे बी एकदम पिकत नाही आणि पिकले की गळून पडते. त्यामुळे एकाच दिवशी विळ्याने कणसे कापून आणली तर बरेचसे कच्चे किंवा पोकळ निघते. ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये दर चार-पाच दिवसांनी फेरी मारून पिकलेले बी हाताने ओरबाडून घ्या. जोडीतील देठाच्या फुलात दाणा धरत नाही, म्हणून गोळा केलेल्या मालात फोलपट जास्त असणारच. मूठभर बी तळहातावर चोळून आत दाणा आहे का ते पाहा. निम्मे तरी फोल असेल असे धरूनच पेरणीचे प्रमाण ठरवा.

बी सावलीत वाळवून कापडी पिशवीत ठेवा. ताजे बी लगेच उगवत नाही, त्याला काही महिन्यांची विश्रांती लागते. पुढच्या पावसाळ्यात पेरणे योग्य.

पेरणीसाठी हेक्टरी ५-६ किलो चांगले बी पुरते. ते हलके आणि कुसाचे असल्याने वाऱ्याने उडते, मुंग्याही नेतात. म्हणून गोळ्या करा. १ भाग बी, १ भाग शेण, ३ भाग चिकणमाती, १ भाग वाळू ओलसर मळून हरभऱ्याएवढ्या गोळ्या वळा आणि सावलीत वाळवा. पाऊस सुरू होण्याच्या बेतात उथळ ओळीत टाका. वरून माती नावालाच, अर्धा-एक सेंमी. बी खोल गेले की उगवत नाही.

विकत बी घ्यायचे असेल तर झाशीच्या भारतीय चराई व चारा संशोधन संस्थेने सेन घास म्हणजे शेड्याचा 'बुंदेल सेन घास-१' हा वाण विकसित केला आहे. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाने मारवेलचे वाण दिले आहेत, ते माळाच्या खालच्या खोल मातीसाठी उपयोगी पडतात. मात्र जिथे गावचा मूळ शेडा अजून शिल्लक आहे, तिथे आधी त्याचीच ठोंबे वाढवा. तुमच्या मातीला आणि पावसाला तो पिढ्यान्‌पिढ्या सरावलेला आहे.

कापणी केव्हा?

आपल्याकडे बहुतेक ठिकाणी दिवाळीनंतर, गवत पिवळे पडल्यावर कापणी होते. तोवर बी गळून गेलेले असते आणि काडीतील कस उतरलेला असतो. फुलोऱ्यात प्रथिने साधारण ५-६ टक्के असतात. बी गळून वाळल्यावर ती ३ टक्क्यांच्या आसपास येतात. पेंढ्या तेवढ्याच दिसतात, पण जनावराच्या अंगी लागत नाहीत.

दुसरीकडे सगळेच फुलोऱ्यात कापले तर बी पडत नाही. यावर सोपा तोडगा असा.

- निम्मी कणसे बाहेर पडली की कापणी सुरू करा, पण पट्ट्यापट्ट्याने. दोन पट्टे कापा, एक बियासाठी उभा ठेवा.
- उभा ठेवलेला पट्टा बी गळाल्यावर कापा. पुढच्या वर्षी पट्टा बदला.
- जमिनीपासून १० सेंमी वर कापा. बुडख्याला विळा लावून खरडू नका, पुढच्या वर्षीचे फुटवे तिथूनच येतात.
- पावसाची उघडीप पाहून कापा. दोन-तीन दिवस उलटून-पालटून वाळवा, मग पेंढ्या बांधून गंजी लावा. ओले गवत गंजीत घातले तर बुरशी येते.

वणवा, झाडे आणि चर

वणवा: "जाळले की गवत चांगले येते" हा समज अजून घट्ट आहे. जाळल्यावर हिरवा फुटवा लवकर दिसतो, हे खरे. पण उन्हाळ्याच्या तोंडाला माती उघडी पडते, कुजून मातीत मिसळणारा काडीकचरा जातो आणि वारंवार आग लागल्यास कुसळीच माजते. जाळण्यापेक्षा कापून न्या. डिसेंबरमध्ये माळाच्या कडेने तीन-चार मीटरचा जाळपट्टा गवत कापून मोकळा करा.

झाडे: झाडे लावायला विरोध नाही, जागा चुकते. ओढ्याकाठी, बांधावर, खोल मातीत लावा. शेडा टिकून असलेल्या मुरमाड टेपावर दाट लागवड केली तर झाडे खुरटी राहतात आणि सावलीने गवत जाते. उन्हात वाढणारे हे गवत आहे. गिरिपुष्प, सुबाभूळ सलग लावण्याआधी दोनदा विचार करा. वेडी बाभूळ आणि घाणेरी मात्र दिसताच मुळासह काढा.

चर: समतल चर आखताना ठोंबांची दाट जागा वगळा. चर तिथून न्यावाच लागला तर आधी ठोंबे काढून ओल्या गोणपाटाखाली ठेवा आणि चर झाल्यावर भरावावर लावा. हे काम पावसाळ्याच्या तोंडावरच करा.

विस्तार कार्यकर्त्यांसाठी

विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात पुण्याच्या कृषी महाविद्यालयात डॉ. विल्यम बर्न्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दख्खनच्या गवतांवर काम केले. गवतांची स्थानिक नावे गोळा करणे, हा त्या अभ्यासाचा एक भाग होता. आज गावोगावी हीच नावे विसरली जात आहेत. तुम्ही पुढील गोष्टी करू शकता.

- जुन्या गुराख्यांना, मेंढपाळांना सोबत घेऊन माळफेरी काढा. गवताचे नाव, जागा, कोणते जनावर आवडीने खाते हे लिहून घ्या.
- ही माहिती ग्रामपंचायतीच्या लोक जैवविविधता नोंदवहीत नोंदवा. जैविक विविधता कायदा, २००२ नुसार ही नोंदवही ठेवली जाते.
- गायरानावर वृक्षलागवड, मुरूम उपसा किंवा अन्य प्रकल्पाचा प्रस्ताव आला तर ग्रामसभेपुढे आधी गवताची पाहणी ठेवा. तिथून किती पेंढ्या निघतात, किती जनावरे जगतात याचे आकडे असले की चर्चा नुसत्या भावनेवर राहत नाही.
- राखणीचा नियम ठरवताना मेंढपाळांना बैठकीत बसवा. त्यांना वगळून केलेली चराईबंदी एका हंगामापलीकडे टिकत नाही. कोणता भाग कधी खुला, हे त्यांच्या फिरतीच्या वेळापत्रकाशी जुळवून घ्या.
- प्रत्येक गावात निदान दोन गुंठे शेडा-मारवेलची रोपवाटिका उभी करा.

वर्षाचे वेळापत्रक

- जून: बंद ठेवायचा भाग ठरवून काट्यांची कूड घाला. बियाच्या गोळ्या टाका. जनावरे गोठ्यात सांभाळा.
- जुलै: ठोंबे फोडून लावणी. मेलेल्या जागी नांगे भरा.
- ऑगस्ट: खुल्या भागात हलकी चराई. गाजर गवत फुलण्याआधी उपटा.
- सप्टेंबर-ऑक्टोबर: फुलोऱ्यात पाहणी, मातृठोंबांवर खूण, पट्टा पद्धतीने कापणी.
- ऑक्टोबर-नोव्हेंबर: बी गोळा करणे. उरलेल्या पट्ट्यांची कापणी, गंजी.
- डिसेंबर: जाळपट्टा. बंद भागात बी गळाल्यानंतर मर्यादित चराई.
- जानेवारी-मे: वणव्यावर लक्ष, माती-पाणी अडवण्याची दुरुस्ती, जूनसाठी वैरणीचा साठा शिल्लक आहे ना याची खात्री.

राखण सुरू केल्यावर पहिल्या वर्षी फार फरक दिसणार नाही, गवत फक्त उंच दिसेल. दुसऱ्या-तिसऱ्या पावसाळ्यात चौकट पुन्हा त्याच जागी टाकून ठोंबे मोजा आणि जुन्या वहीशी ताडून पाहा. बोरीच्या बुडाशी असलेला शेडा बाहेर, मोकळ्या मुरमावर दिसू लागला की माळ सावरतो आहे असे समजा.

यंदा एवढेच करा: कणीस पाहून दहा ठोंबे ओळखा, त्यांच्याभोवती काट्या टाका आणि त्यांचे बी पडू द्या.